उदारमतवादी आणि मतपेटी

नोव्हेंबर २०२२ मध्ये ब्राझीलचे पराभूत अध्यक्ष बोल्सोनारो यांच्या लिबरल पक्षाने तेथील सर्वोच्च निवडणूक न्यायालयात अर्ज गुदरून, अध्यक्षपदाच्या दुसऱ्या फेरीत वापरलेल्या जुन्या बनावटीच्या यंत्रांवर पडलेली मते रद्द ठरवावीत, अशी मागणी केली. तीच यंत्रे पहिल्या फेरीतही होती, आणि त्या फेरीने प्रतिनिधिसभेत या पक्षाला ९९ जागा मिळवून दिल्या होत्या. त्या मतांविषयी मात्र पक्षाची काहीच तक्रार नव्हती. न्यायालयाने अर्ज फेटाळून सुमारे २ कोटी २९ लाख रेआलांचा दंड ठोठावला. दप्तरी हे प्रकरण निकालात निघाले. परंतु त्या देशात लोकशाही परत येताना ज्याने डोळ्यांनी पाहिली, त्याच्या मनातील शल्य दंडाने निघणारे नव्हे.

साम्राज्यकाळातील पक्षांच्या इतिहासात माझे मन कधी रमले नाही. पुराणमतवाद्यांना साक्वारेमा म्हणत, कारण रिओ प्रांतातील त्या गावच्या परिसरात त्यांच्या पुढाऱ्यांच्या जमिनी होत्या. उदारमतवाद्यांना लुझिया म्हणत, कारण १८४२ च्या बंडात सांता लुझिया येथे त्यांचा मोड झाला. सम्राट दुसरा पेद्रू मर्जीनुसार मंत्रिमंडळ बदली आणि सभा बरखास्त करी. नवे मंत्रिमंडळ प्रांतोप्रांतीचे अधिकारी व फौजदार बदलून मग निवडणूक घेई, आणि बहुमत आपसूक पदरात पडे. गुलामांच्या आयातीवर १८५० मध्ये निर्णायक बंदी आली ती पुराणमतवाद्यांच्या अमदानीत, गुलाम मातेच्या पोटी जन्मणारे मूल १८७१ मध्ये मुक्त ठरले ते त्यांच्याच अमदानीत, आणि १३ मे १८८८ रोजी गुलामगिरी समूळ गेली तीही त्यांच्याच. उदारमतवाद्यांनी या सुधारणांसाठी उत्कृष्ट भाषणे केली. जोआकिम नाबुको यांच्यासारखा थोर वक्ता त्यांच्यातलाच. पण अधिकार हाती असताना त्यांनी केलेला एक कायदा मला विसरता येत नाही. १८८१ मध्ये त्यांनी प्रत्यक्ष निवडणुकीची पद्धत आणली आणि त्याच कायद्याने निरक्षरांसाठी मतदानाचे दार लावून घेतले. दहा लाखांहून अधिक असलेली मतदारसंख्या दीड लाखाच्या आसपास आली. सामान्य माणसाच्या मतावर विश्वास नसलेला उदारमतवाद ही त्या देशाची जुनी व्याधी आहे, आणि तिचे मूळ येथे आहे.

पुढची पन्नास वर्षे कॉफीचे मळेवाले आणि गावोगावचे जमीनदार यांच्या मसलतींत गेली. त्यांच्यापाशी थांबण्याचे कारण नाही. १९४५ नंतर ज्या राष्ट्रीय लोकशाही संघाने उदारमतवादाचा झेंडा खांद्यावर घेतला, तो निवडणूक हरला की छावणीकडे पाहू लागे: १९५५ मध्ये अध्यक्षपदाच्या निवडणुकीतील कुबिचेक यांच्या विजयाला त्याने हरकत घेतली, आणि १९६४ मध्ये लष्कराने सत्ता बळकावली तेव्हा त्याचे पुढारी सेनानींच्या पाठीशी उभे होते. पुढल्याच वर्षी त्याच सेनानींनी सर्व पक्षांबरोबर हाही पक्ष विसर्जित केला.

मी साओ पावलोत राहू लागलो तेव्हा लष्करी अंमलाला वीस वर्षे होत आली होती. २५ जानेवारी १९८४ रोजी प्रासा दा से या चौकात अध्यक्षाच्या प्रत्यक्ष निवडणुकीसाठी प्रचंड सभा झाली. प्रांताचे राज्यपाल फ्रांको मोंतोरो यांनी तिची धुरा वाहिली होती, आणि त्या गर्दीत मीही उभा होतो. त्या रात्री देशातील सर्वांत बलाढ्य दूरचित्रवाणीने ती सभा जणू शहराच्या वर्धापनदिनाचाच एक भाग आहे अशा थाटात दाखवली. पुढचे तीन महिने या चळवळीचा पिवळा रंग रस्त्यारस्त्यांवर दिसत होता. २५ एप्रिलला प्रत्यक्ष निवडणुकीची घटनादुरुस्ती मताला पडली. ३२० मते हवी होती, २९८ मिळाली, आणि शंभराहून अधिक सदस्य सभागृहाकडे फिरकलेच नाहीत. ज्या सत्तारूढ पक्षाने ती पाडली त्याचे अध्यक्ष होते जुझे सार्नेय. काही महिन्यांतच ते विरोधकांच्या आघाडीचे उपाध्यक्षपदाचे उमेदवार झाले, त्यांच्या सोबत्यांनी लिबरल आघाडी पक्ष काढला, आणि वीस वर्षे सेनानींच्या पंक्तीला बसलेली मंडळी नव्या राज्यातही मानाच्या पाटावर बसली. अध्यक्ष म्हणून निवडले गेलेले तांक्रेदो नेवेस शपथविधीच्या आदल्या रात्री आजारी पडून २१ एप्रिल १९८५ रोजी वारले, आणि अध्यक्षपद सार्नेय यांच्याकडे गेले. १९८८ मध्ये आपली मुदत पाच वर्षांची करून घेण्यासाठी त्यांच्या सरकारने आकाशवाणी व दूरचित्रवाणीचे परवाने खिरापतीसारखे वाटले. ते मी विसरलो नाही, कोणी विसरूही नये.

तरीही ते दशक माझ्या मते त्या प्रजासत्ताकाचे सर्वांत उजळ दशक होते. मे १९८५ मध्ये निरक्षरांना मताधिकार परत मिळाला. १८८१ मध्ये उदारमतवाद्यांनी लावलेले दार उघडायला एकशे चार वर्षे लागली. उलिसेस गिमारायस यांच्या अध्यक्षतेखाली तयार झालेल्या राज्यघटनेने ५ ऑक्टोबर १९८८ रोजी तो अधिकार कायम केला. १५ नोव्हेंबर १९८९ रोजी, १९६० नंतर प्रथमच, लोकांनी आपला अध्यक्ष स्वतः निवडण्यासाठी मतदान केले. आमच्या इमारतीचा पेर्नाम्बुकोकडचा वृद्ध दरवान त्या सकाळी इस्त्रीचा सदरा घालून मतदानाला गेला आणि परतल्यावर दिवसभर शाईचा अंगठा धुवायला तयार नव्हता. लोकांनी निवडलेले फेर्नांदो कोलोर निष्फळ निघाले हे खरे, पण १९९२ मध्ये संसदेने त्यांना घटनेच्या मार्गाने दूर केले. एकही रणगाडा रस्त्यावर आला नाही. त्याच वर्षी हेलिकॉप्टरच्या अपघातात उलिसेस समुद्रात नाहीसे झाले, त्यांचा देह कधीच सापडला नाही. ज्याने देशाला घटना दिली त्याला १९८९ मध्ये पाच टक्केही मते मिळाली नव्हती, याचे दुःख मला आजही वाटते.

१९८८ मध्ये मोंतोरो, मारियो कोवास, कार्दोझो आदींनी सोशल डेमोक्रॅट पक्ष स्थापला, तेव्हा माझ्यासारख्यांना वाटले की उदारमतवादाला अखेर विश्वासू वारस लाभला. १९९४ च्या रेआल चलनाने महिन्याला चाळीस टक्क्यांवर गेलेली महागाई आटोक्यात आणली, आणि हातावर पोट असणाऱ्यांवर तो मोठाच उपकार होता. परंतु अध्यक्षपदाची निवडणूक जिंकण्यासाठी कार्दोझो यांनी त्याच लिबरल आघाडीवाल्यांचा हात धरला, आणि १९९७ मध्ये घटना बदलून स्वतःच्या फेरनिवडीची वाट मोकळी केली. खरा घाव त्यानंतर बसला. २०१४ मध्ये थोड्या मतांनी हरलेल्या आएसिओ नेवेस यांच्या पक्षाने यंत्रांच्या विशेष तपासणीची मागणी केली; तपासणीत गैरव्यवहार आढळला नाही, पण संशयाचे बी पेरले गेले. आएसिओ हे तांक्रेदो यांचे नातू. ज्या यंत्रामुळे निरक्षर माणसाला उमेदवाराचे छायाचित्र पाहून निःशंक मत देता येऊ लागले, त्या यंत्राला त्यांनी आरोपीच्या पिंजऱ्यात उभे केले. बोल्सोनारो यांना तोच दावा आयता मिळाला.

१९९४ पासून साओ पावलोच्या राज्यपालपदाची प्रत्येक निवडणूक सोशल डेमोक्रॅट पक्षाने जिंकली होती. २०२२ मध्ये त्याचा उमेदवार, विद्यमान राज्यपाल असूनही, तिसरा आला. १९९८ साली ९९ प्रतिनिधी निवडून आणणाऱ्या पक्षाला १३ वर समाधान मानावे लागले. अध्यक्षपदाच्या दुसऱ्या फेरीत वृद्ध कार्दोझो यांनी बोल्सोनारो यांचे प्रतिस्पर्धी लुला यांना पाठिंबा दिला. आणि मोंतोरो यांच्या खुर्चीवर बसलेल्या त्या राज्यपालाने, पहिल्या फेरीचा निकाल लागून दोन दिवस होतात न होतात तोच, बोल्सोनारो यांना बिनशर्त पाठिंबा जाहीर केला.