मृगाआधी एक रविवार चाकासाठी

पावसाळा तोंडावर आला की छत्र्या निघतात, गच्चीला डांबर लागतं, रेनकोटाच्या चेन ओढून पाहिल्या जातात. स्कूटरचा मागचा टायर मात्र बहुतेक घरांत कुणी वाकून पाहत नाही. कोरड्या रस्त्यावर गोटा झालेला टायरही धरून चालतो, किंबहुना बरा चालतो, त्यामुळे तो झिजल्याचं मे महिन्यात कळतच नाही. कळतं ते पहिल्या सरीत, सिग्नलला ब्रेक दाबल्यावर. टायरवरची नक्षी शोभेसाठी नसते. रबर आणि रस्ता यांच्यामधलं पाणी त्या खाचांतून बाजूला सारलं जातं आणि रबर रस्त्याला टेकतं. खाच उरली नाही की मधल्या पाण्याला जायला वाट राहत नाही.

केंद्रीय मोटार वाहन नियमांनुसार दुचाकीच्या टायरची खाच निदान 0.8 मिलिमीटर खोल असली पाहिजे. ती मोजायला उपकरण लागत नाही. टायरच्या बाजूवर, वरच्या कडेजवळ, छोटा त्रिकोण किंवा टीडब्ल्यूआय अशी अक्षरं शोधा. त्याच्या सरळ रेषेत खाचेच्या तळाशी रबराचा लहानसा उंचवटा दिसेल. नक्षी झिजून त्या उंचवट्याला टेकली, की टायर संपला. मधला पट्टा सपाट आणि कडेची नक्षी नव्यासारखी, असंही दिसेल. तेव्हा कडेकडे पाहून समाधान मानू नये, कारण सरळ जाताना गाडी मधल्या पट्ट्यावरच चालते.

स्कूटरचा टायर मोटारसायकलपेक्षा लवकर का झिजतो, याचं उत्तर चाकाच्या आकारात आहे. दहा इंची रिमवरच्या 90/100 टायरचा घेर सुमारे 1.36 मीटर भरतो. म्हणजे एका किलोमीटरला ते चाक 730 च्या आसपास फेरे घेतं. मोटारसायकलचं अठरा इंची चाक तेवढ्याच अंतरात पाचशेच्या थोडेच वर फेरे घेतं. त्यात स्कूटरचं इंजिन मागच्या चाकाला लागूनच असतं, ओढही मागचंच चाक देतं आणि मागे बसणाऱ्याचं वजनही त्यावरच येतं. म्हणून मागचा टायर आधी जातो.

गाडी फारशी चालत नसेल, तर झिजेपेक्षा वय मोजावं. टायरच्या बाजूवर लांबट चौकटीत चार आकडे असतात. 3223 असेल तर तो 2023 सालच्या 32 व्या आठवड्यात तयार झाला. सोसायटीच्या पार्किंगमध्ये वर्षानुवर्षं उन्हात उभ्या असलेल्या गाडीच्या टायरवर नक्षी शाबूत आणि बाजूला बारीक भेगांचं जाळं, असं चित्र सर्रास दिसतं. असा टायर नवाच दिसत असला तरी बदलावा. आणि गोट्या टायरला रस्त्याकडेला पुन्हा खाचा पाडून घेणं, हा प्रकार तर कधीच करू नये. जे रबर आधीच पातळ झालं आहे, तेच आणखी कापलं जातं.

आता बदलायचा कुणी? ज्यांच्या घरी अजून जुनी चेतक, प्रिया किंवा तिच्या घराण्यातली कुठलीही गिअरची स्कूटर आहे, त्यांना माझं सांगणं स्पष्ट आहे: हे काम घरी करा. ती गाडी त्यासाठीच घडवलेली आहे.

या रचनेचं मूळ इटलीत आहे. दुसऱ्या महायुद्धानंतर विमानं बनवणाऱ्या पियाज्जो कंपनीला सामान्य माणसासाठी स्वस्त वाहन हवं होतं. ते काम कोरादिनो दास्कानियो या विमान-अभियंत्याकडे गेलं. त्याने 1930 साली हेलिकॉप्टर उडवून दाखवलेलं होतं आणि मोटारसायकल त्याला आवडत नसे. पंक्चर झालं की तिचं चाक काढणं हे दिव्य असतं, हा त्याचा एक आक्षेप. म्हणून 1946 च्या व्हेस्पाचं पुढचं चाक त्याने विमानाच्या चाकासारखं एकाच बाजूने धरलं. दुसरी बाजू मोकळी राहिली. चाक नटांनी ड्रमवर बसवलेलं, त्यामुळे मोटारीसारखे नट सोडले की ते हातात येतं. साखळी नाही, मधला आस ओढून काढणं नाही. ब्रेकही जागचा हलत नाही, कारण ड्रम गाडीलाच राहतो. हीच रचना पियाज्जोच्या परवान्याखाली बजाजकडे आली. तो करार 1971 मध्ये संपला आणि 1972 पासून आकुर्डीच्या कारखान्यातून चेतक बाहेर पडू लागली. पुढचं चाक, मागचं चाक आणि स्टेपनी, तिन्ही एकाच मापाची, 3.50-10. कुठलंही चाक कुठेही बसतं. रस्त्यात अडकलेल्या माणसाचा इतका विचार केलेली दुचाकी पुढे फार थोडी झाली.

या चाकाची खरी खुबी रिममध्ये आहे. ती एकसंध नसते. शिंपल्याच्या दोन झाकणांसारख्या दोन पत्र्याच्या फाका नटांनी एकमेकींना जोडलेल्या असतात. त्यामुळे टायर पट्ट्या घालून, ओढून-ताणून रिमवर चढवावा लागत नाही. फाका वेगळ्या केल्या की टायर सुटतो. मात्र याच खुबीत या कामातला सगळ्यात मोठा धोकाही आहे. टायरमध्ये हवा असताना फाका जोडणारे नट सोडले, तर दाबलेली हवा त्या फाका जोराने उडवते. हात, तोंड, काहीही समोर असू शकतं. म्हणून पाना हातात घेण्याआधी चाकाकडे नीट पाहावं आणि ड्रमवर चाक धरणारे नट कोणते, फाका जोडणारे नट कोणते, हे ओळखून ठेवावं. दुसऱ्या नटांना पूर्ण हवा उतरल्याशिवाय हात लावायचा नाही. यात सूट नाही.

गाडी सपाट फरशीवर घ्या, इंजिन आणि सायलेन्सर गार होऊ द्या, पेट्रोलची चावी बंद करा. चाक जमिनीवर असतानाच गाडी पहिल्या गिअरमध्ये टाकून ड्रमचे नट थोडे सैल करावेत, म्हणजे चाक फिरत नाही. पाना नटावर गच्च बसणारा हवा. सैल पान्याने नटाचे कोपरे गोल होतात आणि मग ते काम छिन्नी-हातोड्यावर जातं. नट गंजले असतील तर आदल्या रात्री रॉकेल किंवा गंजावरचं तेल सोडून ठेवा. मग गाडी मधल्या स्टँडवर. मागचं चाक मडगार्डमधून सुटायला जागा कमी पडते, तेव्हा स्टँडखाली जाड फळी द्यावी किंवा घरातल्या कुणाला तरी गाडी किंचित तिरकी धरायला सांगावं. एकट्याने गाडी अंगावर रेलून धरत हे करू नये.

चाक बाहेर आलं की वॉल्व्हची पिन काढून हवा पूर्ण उतरवा. सुस्कारा थांबला म्हणजे हवा संपली असं नाही. टायर पायाने दाबून पाहा, पार मऊ लागला पाहिजे. नंतर दोन्ही बाजूंनी टायरची कड रिमपासून दाबून सुटी करा. वर्षानुवर्षं बसलेला टायर पत्र्याला चिकटलेला असतो, त्याला वेळ द्यावा लागतो. तो सुटला की फाकांचे नट काढा, फाका वेगळ्या करा.

आणि इथे थांबा. घरी टायर बदलण्यातला खरा फायदा या टप्प्यावर आहे. दुकानात गर्दी असते, कारागीर जुना टायर काढतो आणि नवा घालतो. रिमच्या आतला गंज पाहायला, तो तारेच्या ब्रशने घासायला, त्यावर रेड ऑक्साइडचा हात मारून तो वाळू द्यायला त्याच्याकडे वेळ नसतो. तुमच्याकडे अख्खा रविवार आहे. वारंवार पंक्चर होणाऱ्या कित्येक चाकांचं कारण खिळ्यात नसतं, रिमच्या खरखरीत गंजात असतं. तो आतून ट्यूब घासत राहतो. फाकेची कड कुठे खड्ड्यात आदळून वाकली आहे का, नटांचे आटे शाबूत आहेत का, तेही आत्ताच पाहावं. फाका खूपच खाल्ल्या गेल्या असतील तर त्या बदलाव्यात. जुन्या टायरच्या आतून फडकं फिरवा, बोट नको. काटा किंवा तार असेल तर फडकं अडकतं आणि मागच्या पंक्चरचं कोडं सुटतं.

नव्या टायरमध्ये ट्यूबही नवीच घालावी. जुनी ट्यूब ताणली गेलेली असते, नव्या टायरमध्ये तिची घडी पडते आणि घडीवरच ती फुटते. नव्या ट्यूबमध्ये फक्त तिला गोलाई येईल इतकीच हवा भरा, तिच्यावर टाल्कम पावडर चोळा आणि टायरच्या आत बसवा. टायरच्या बाजूला पिवळा ठिपका असेल तर वॉल्व्ह त्याच्याजवळ आणावा. ती टायरची सगळ्यात हलकी जागा असते. बाजूवर फिरण्याच्या दिशेचा बाण असेल तर तो आणि वॉल्व्ह, दोन्ही फाका जोडण्याआधीच जुळवावे लागतात. वॉल्व्ह पंप पोहोचेल त्या बाजूला आणि बाण चाक पुढे जाण्याच्या दिशेला. हे नंतर सुचलं तर सगळं पुन्हा उघडावं लागतं.

वॉल्व्हचं भोक असलेली फाक आधी बसवा, मग दुसरी. दोन फाकांच्या फटीत ट्यूब चिमटली नाही ना, हे सगळीकडून फिरवून पाहिल्याशिवाय नट आवळू नका. आवळताना एकानंतर शेजारचा असं न करता समोरासमोरचे नट थोडे थोडे, दोन-तीन फेऱ्यांत घ्यावेत, म्हणजे फाका सरळ बसतात. थोडी हवा भरून टायरच्या कडेची बारीक रेषा रिमपासून सगळीकडे सारख्या अंतरावर आहे का ते पाहा. एकदा सगळी हवा सोडून पुन्हा भरली, की ट्यूबमधली राहिलेली सुरकुतीही निघते. मग चाक ड्रमवर आणि तिथेही नट समोरासमोरच्या क्रमाने. शेवटचं आवळणं चाक जमिनीवर टेकवून करावं.

आता ज्यांच्याकडे अ‍ॅक्टिवा, ज्युपिटर, अ‍ॅक्सेस आहे त्यांच्यासाठी. तुमचं चाक वेगळं आहे. टायर ट्यूबलेस असतो, तेव्हा हवा फक्त टायरची कड आणि रिम यांच्या घट्ट मिलाफावर टिकून राहते. दहा इंची टायर आखूड आणि ताठ असतो. घरच्या पट्ट्यांनी तो उचकटताना रिमवर ओरखडा पडला किंवा टायरची कड कापली गेली, तर हवा गळत राहते. वर तो रिमवर बसवायला कॉम्प्रेसरचा एकदम मिळणारा झोत लागतो, पायपंपाने ते सहसा होत नाही. शिवाय अ‍ॅक्टिवासारख्या गाडीचं मागचं चाक काढायला आधी सायलेन्सर उतरवावा लागतो, आणि मधला मोठा नट फार ताणाने आवळलेला असतो. तो बसवताना तितकाच ताण मोजून द्यावा लागतो. हे काम दुकानातच करावं असं माझं मत आहे. पण जाताना माहिती घेऊन जा. टायर 90/100-10, 53J असा असेल, तर 53 म्हणजे 206 किलो भार आणि J म्हणजे ताशी 100 किलोमीटर वेग. याहून कमी आकड्याचा टायर स्वस्त मिळाला तरी घेऊ नये. तयार होण्याचे चार आकडे आपण वाचावेत, दिशेचा बाण आपण पाहावा, आणि ट्यूबलेसचा वॉल्व्हही नवा घालायला सांगावा. रबराचा तो लहानसा तुकडाही टायरइतकाच म्हातारा झालेला असतो.

हवेचा आकडा पुस्तिकेत किंवा गाडीवरच्या स्टिकरवर असतो. 110 सीसीच्या अ‍ॅक्टिवाला पुढे 22 पीएसआय, मागे एकट्यासाठी 29 आणि दोघांसाठी 36. पेट्रोलपंपावर ‘दोन्हीकडे तीस’ म्हणून मोकळं होण्याची पद्धत आहे, ती सोडावी. हवा टायर गार असताना मोजावी. नवा टायर वरून गुळगुळीत असतो, पहिले शंभरेक किलोमीटर वळणावर गाडी फार कलती करू नये आणि ब्रेक हलक्या हाताने लावावा. चेतकचे नट दुसऱ्या दिवशी एकदा पुन्हा तपासावेत.

राहिला जुना टायर. तो गच्चीवर किंवा जिन्याखाली ठेवू नका आणि जाळू तर नकाच. पावसाचं चार थेंब पाणी त्याच्या पोटात साचतं आणि डेंग्यू पसरवणारा एडिस डास तिथे अंडी घालतो. ती अंडी कोरडी पडली तरी काही महिने तग धरतात आणि पुढच्या पाण्यात फुटतात. 2022 पासून वापरलेल्या टायरच्या विल्हेवाटीची जबाबदारी नियमांनी उत्पादकांवर टाकली आहे. नवा टायर ज्या दुकानातून घ्याल, जुना तिथेच देऊन या.