मौज हवी, बेपर्वाई नको

कारखान्याचा पट्टा पडला, उसाच्या ट्रॉल्यांची वर्दळ थांबली आणि ईदही पार पडली, की आमच्या पणदऱ्यात पाहुण्यारावळ्यांचे आणि सहलींचे दिवस येतात. यंदा दोन घरची मिळून आम्ही अकरा माणसे कोकणात गेलो. नीरा, लोणंद, शिरवळ, भोर, मग वरंध घाट उतरून महाड आणि तेथून आंबेत, म्हसळा करीत श्रीवर्धनच्या बाजूला. मुलांनी समुद्र कधी पाहिला नव्हता. नीरा डावा कालवा भरून वाहू लागला की तेच त्यांचे मोठे पाणी. तरी वाटेत त्यांचा प्रश्न समुद्राबद्दल नव्हता. मोबाइलवर व्हिडिओ पाहून आलेली मुले एकच विचारत होती, "तिथं वाळूवरची गाडी असते ना?"

गाडी होती. आता कोकणातल्या बहुतेक गजबजलेल्या किनाऱ्यांवर उंट आणि घोडागाडीच्या शेजारी ही जाड टायरांची चारचाकी उभी दिसते. कोणी तिला एटीव्ही म्हणतात, कोणी बीच बाईक, कोणी नुसतेच बग्गी. पैसे द्यायचे, बसायचे, वाळूवर दोन फेऱ्या मारून यायचे.

आम्हीही पैसे दिले. हँडलवर आमचा तेरा वर्षांचा भाचा बसला, मागे नऊ वर्षांची धाकटी. वय कोणी विचारले नाही, हेल्मेट कोणी दिले नाही आणि खरे सांगायचे तर आम्हीही मागितले नाही. गाडीबरोबरचा तरुण पुढच्या गिऱ्हाइकाशी बोलण्यात गुंतला होता आणि आम्ही सगळे मोबाइल उंच धरून शूटिंग करीत होतो.

दुसऱ्या फेरीत धाकटी अचानक मागे ओढली गेली. तिच्या ईदच्या ड्रेसची लांब ओढणी वाऱ्याने उडून मागच्या चाकाजवळ गेली होती आणि आसाभोवती गुंडाळत चालली होती. तिची किंकाळी ऐकून भाच्याने घाबरून ॲक्सिलरेटर सोडला, म्हणून गाडी थांबली. तोवर ओढणीचा फास गळ्याशी आवळला होता. आमच्यापैकी कोणी पोहोचण्याआधी शेजारचा शहाळीवाला कोयता घेऊन धावला आणि त्याने ओढणी कापली. अल्लाहचे लाख लाख शुक्र, मुलीच्या गळ्यावर लाल वळ उठला, त्यापलीकडे काही झाले नाही. भानावर आल्यावर ती पहिले वाक्य बोलली ते असे, "ओढणी फाटली, अम्मी ओरडेल."

त्या रात्री मुक्कामाच्या घरी मुले झोपली, पण मोठ्यांपैकी कोणालाच झोप लागेना. आपल्या घरी गोठ्याजवळ कडबाकुट्टी आहे. ती सुरू असताना कोणतेही लेकरू दहा पावलांच्या आत येऊ शकत नाही. मुलांची नानी आजही प्रत्येक सुनेला सांगते, आधी पदर खोच, मग पेंढी उचल. मळणी यंत्रात पदर अडकून काय होते, हे शेतकरी घराला सांगावे लागत नाही. मग तीच आपण माणसे समुद्रावर जाऊन इतकी बेसावध कशी झालो? कारण ते यंत्र आपल्याला यंत्र वाटलेच नाही. रंगीत होते, भाड्याने मिळत होते, सुट्टी होती, म्हणून ते खेळणे वाटले.

ते खेळणे नाही, हे परत आल्यावर थोडे वाचले तेव्हा नीट कळले. वाळूवर पळणाऱ्या बग्गीची सुरुवात अमेरिकेतल्या कॅलिफोर्नियात झाली. तेथे 1964 मध्ये ब्रूस मेयर्स यांनी फोक्सवॅगनचे भाग आणि हलकी बॉडी वापरून केलेली गाडी पुढे फार गाजली. हँडलची एटीव्ही ही निराळी जात. 1970 च्या सुमारास होंडाने तीन चाकांची काढली. ती इतकी उलटू लागली, की 1988 मध्ये अमेरिकेत तिची नवी विक्री बंद करावी लागली. आज आपण पाहतो ती चार चाकांची. पण दोष पुरता गेलेला नाही. गाडी आखूड आणि उंच, बसणारा आणखी वर, त्यामुळे उतारावर किंवा जोरात वळताना ती कलंडते. आणि कलंडली तर दीड-दोनशे किलोंहून जड लोखंड अंगावर येते. मोठ्या आकाराच्या एटीव्हीवर बनवणाऱ्या कंपन्याच इशारा लिहितात, की सोळा वर्षांखालील मुलाने ती चालवू नये आणि एकट्यासाठी बनवलेल्या गाडीवर दुसरा माणूस बसवू नये. आम्ही एकाच फेरीत दोन्ही नियम मोडले होते.

फिरत्या चाकाला ओढणी आणि केस सारखेच. 2018 मध्ये हरियाणातील पिंजोर येथे गो-कार्टच्या चाकात केस अडकून एका तरुण आईचा जीव गेला. ती कुटुंबाबरोबर फिरायला आली होती. ओढणी, दुपट्टा, बुरख्याचा घोळ, अबायाच्या लांब बाह्या हा आपल्या घरांतला रोजचा पेहराव. म्हणून ही काळजी आपल्या घरांना जास्त घ्यावी लागते. पडदा सोडायचा नाही, तो नीट आवरायचा. घट्ट बांधलेला हिजाब किंवा टोपीसारखा चढवायचा स्कार्फ, आत खोचलेली टोके आणि खाली सलवार, एवढ्याने काम भागते. घेरदार अबाया असेल तर त्या दिवशी गाडीवर बसू नये, हे उत्तम.

दुसऱ्या दिवशी हरिहरेश्वर पाहून बागमांडल्याला आलो, गाड्यांसह फेरीबोटीत चढलो आणि खाडी ओलांडून वेसवीला उतरलो. तेथून वेळास जवळ आहे. मंडणगड तालुक्यातले हे लहानसे गाव कासवांसाठी सगळ्या महाराष्ट्राला माहीत आहे. ऑलिव्ह रिडले जातीची मादी थंडीच्या दिवसांत रात्री किनाऱ्यावर येते, वाळूत हात-दीड हात खड्डा करून शंभराच्या आसपास अंडी घालते, खड्डा बुजवते आणि समुद्रात निघून जाते. साधारण दीड-दोन महिन्यांनी पिल्ले बाहेर येतात. पूर्वी ही अंडी माणसे आणि कोल्ही-कुत्री खाऊन टाकीत. 2002 पासून चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र या संस्थेने गावकऱ्यांना बरोबर घेऊन घरटी राखायला सुरुवात केली आणि 2006 पासून तेथे कासव महोत्सव भरू लागला. जानेवारी 2022 मध्ये याच किनाऱ्यावर एका मादीच्या पाठीवर उपग्रहाशी जोडलेले यंत्र बसवले आणि तिचे नाव ठेवले प्रथमा.

संध्याकाळी दोरीच्या अलीकडे आम्ही रांगेत उभे राहिलो. घरट्यावरची टोपली उचलली तेव्हा खाली सात पिल्ले वळवळत होती. एकेक जेमतेम दीड इंचाचे. समुद्राच्या बाजूचा उजेड धरून ती निघाली. वाळूत कोणाच्या तरी पायाचा ठसा उमटला होता. एक पिल्लू त्यात घसरले आणि कितीतरी वेळ तेथेच धडपडत राहिले. पायाच्या ठशाची ही गत, तर जाड टायराने पडलेली चाकोरी म्हणजे त्याला खंदकच. त्यात पिल्ले अडकतात, सरळ समुद्राकडे जायची ती चाकोरीने आडवी चालत राहतात आणि मग कावळे, कुत्री, ऊन यांच्या तावडीत सापडतात. घरट्यावरून चाक गेले तर वाळू दबते. ऑलिव्ह रिडले हा वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीतला प्राणी आहे, म्हणजे वाघाच्या बरोबरीचे संरक्षण. आणि ही कासवे फक्त वेळासला येतात असे नाही. रायगड-रत्नागिरीच्या अनेक किनाऱ्यांवर ती येतात. शिवाय वाळूत खेकड्यांची बिळे असतात. किनाऱ्याची माती धरून ठेवणाऱ्या मर्यादवेली असतात. वरवर उजाड दिसणारी वाळू ही भरलेली वस्ती आहे. आदल्या दिवशी आपण कशावरून फेऱ्या मारल्या, हे आम्हाला तेव्हा समजले.

म्हणून किनाऱ्यावरच्या गाड्या सरसकट बंद कराव्यात का? आम्हाला तसे म्हणवत नाही. 3 जून 2020 रोजी निसर्ग चक्रीवादळ याच श्रीवर्धन-दिवेआगरच्या पट्ट्यात आदळले. नारळी-पोफळीच्या बागा आडव्या झाल्या. सुपारीची बाग पुन्हा उभी राहून हाती उत्पन्न यायला वर्षे जातात. त्या काळात किती घरे पर्यटकांच्या पैशावर तगली असतील. गाडी चालवणारी पोरे बाहेरची नाहीत, त्याच गावांतली आहेत. पण वेळासची घरेही पर्यटकांच्याच पैशावर चालतात आणि तेथे पाहुणा दोरीच्या अलीकडे उभा राहतो. म्हणजे शिस्त लावली की धंदा बुडतो, असे नाही. गोव्यात किनाऱ्यावर आपली गाडी नेली तर पोलीस कारवाई करतात, आणि तरीही गोव्याचे पर्यटक कमी झालेले नाहीत. महाराष्ट्र शासनानेही 2021 मध्ये साहसी पर्यटनाचे धोरण आणले. त्यात अशा खेळांच्या व्यावसायिकांची नोंदणी आणि सुरक्षेचे नियम आहेत. नोंदणी आहे का, असे विचारणारे गिऱ्हाईक वाढले, तर नियम कागदावर राहणार नाहीत.

दीनच्या दृष्टीने पाहिले तर सैर-सपाटा, खेळ, दौड यांना इस्लामने कधी मनाई केली नाही. स्वतः प्रेषित मुहम्मद (स.) हजरत आयशा (रजि.) यांच्याबरोबर धावण्याची शर्यत लावीत. मात्र जमिनीवर ऐटीत, तोऱ्यात चालू नये, ही ताकीद पवित्र कुरआनात सूरह बनी इस्राईल आणि सूरह लुकमान या दोन्ही ठिकाणी आहे. पायी चालणाऱ्याला जी ताकीद, ती इंजिनावर बसलेल्याला नाही का? एका सफरीत काही साथींनी एका पक्षिणीची पिल्ले उचलली. ती व्याकूळ होऊन फडफडू लागली तेव्हा प्रेषितांनी (स.) पिल्ले परत ठेवायला लावली, अशी हदीस अबू दाऊद यांच्या संग्रहात आहे. आणि तवक्कुलचा अर्थही त्यांनीच शिकवला आहे. आधी उंट बांधायचा आणि मग अल्लाहवर भरवसा ठेवायचा. आम्ही त्या दिवशी उंट न बांधताच भरवसा ठेवला होता.

उन्हाळ्याच्या सुट्टीत अनेक घरे किनाऱ्यावर जातील. आमच्या चुकीतून आम्ही जे शिकलो ते येथे देतो.

1. सोळा वर्षांखालील मुलाच्या हाती हँडल देऊ नका. लहान मुलांसाठी उंट, घोडागाडी आणि वाळूचा किल्ला पुष्कळ आहे.

2. एका माणसाच्या गाडीवर एकच माणूस बसवा. दोन आसनांची बग्गी असेल तर वर लोखंडी पिंजरा आणि प्रत्येकाला पट्टा आहे का, ते पाहा. आखातात नोकरीला असलेल्या नातेवाइकांकडून वाळवंटातल्या सफारीची वर्णने आपण ऐकतो. तेथेही चांगला चालक आधी पट्टे बांधून घेतो, मगच गाडी वाळूत घालतो.

3. हेल्मेट मागा. नसेल तर पैसे परत घ्या आणि चालते व्हा. मुले थोडा वेळ रुसतील.

4. ओढणी, स्कार्फ, मोकळे केस, लोंबती पर्स, गळ्यातला पट्टा हे सगळे आवरल्याशिवाय इंजिन सुरू करू देऊ नका.

5. फेरी ओल्या, घट्ट वाळूवरच्या ठरलेल्या पट्ट्यात असावी. कोरड्या वाळूत, वेलींवर, सुरूच्या झाडांकडे गाडी नेऊ नये. अंधार पडल्यावर तर नाहीच. कासवीण रात्री येते.

6. भरतीची वेळ स्थानिक माणसाला विचारा. आपली मोटार वाळूत उतरवू नका. ती रुतते, पाणी चढू लागते आणि मग ट्रॅक्टरवाल्याला शोधत पळावे लागते. समुद्राला गृहीत धरण्याची किंमत पुणे जिल्हा विसरलेला नाही. 1 फेब्रुवारी 2016 रोजी मुरुडच्या समुद्रात सहलीला आलेले पुण्याचे 14 विद्यार्थी बुडाले. त्या घरांतले दुःख अजून ताजे आहे.

7. शूटिंग करणारा एकच असावा. बाकीच्यांनी डोळ्यांनी पाहावे.

परतीच्या वाटेवर शहाळीवाल्याला भेटायला आम्ही मुद्दाम त्या किनाऱ्यावर थांबलो. त्याने पैसे घेतले नाहीत. धाकटीच्या हातात एक शहाळे दिले आणि म्हणाला, "बाळा, पुन्हा आलीस की आधी ओढणी बांध." घरी आल्यावर कापलेली ओढणी तिच्या अम्मीने टाकून दिली नाही. काठ शिवून तिचा चौकोनी रुमाल केला. धाकटी तो डोक्याला बांधून आता गोठ्यात जाते आणि कडबाकुट्टी सुरू झाली की नानीच्या आधी तीच सगळ्यांना पदर खोचायला सांगते.