शिळा भात, ताजी फोडणी

स्मरणिकेसाठी लेख मागताना संपादक मंडळाने यंदा 'घरातील सर्वांना वाचता येईल असे काही लिहा' अशी सूचना केली. मधुमेह, रक्तदाब, हृदयविकार या विषयांवर आपले सन्माननीय सहकारी अधिकाराने लिहितीलच. म्हणून मी विषय निवडला तो स्वयंपाकघरातला. आपला फोडणीचा भात, येथे वडोदऱ्यात शेजारच्या घरी होणारा 'वघारेलो भात' आणि नातवंडांचा लाडका फ्राइड राइस ही एकाच कुळातील भावंडे होत. तिन्हींचा पाया एकच, तो म्हणजे आधी शिजवून गार केलेला भात आणि तेलात परतलेला कांदा.

गार भातच का? तांदूळ शिजताना त्यातील पिष्टमय पदार्थ पाणी शोषून फुगतो व मऊ होतो. भात थंड होऊ लागला की पिष्टाचे रेणू पुन्हा एकमेकांजवळ येऊन घट्ट रचना करतात. दाणा टणक होतो, पृष्ठभाग कोरडा होतो आणि परतताना तो मोडत नाही. गरम, ओला भात कढईत टाकला तर त्यातील पाण्याची आधी वाफ व्हावी लागते. तोवर कढईचे तापमान शंभर अंशांच्या फारसे वर जात नाही आणि भात परतला जाण्याऐवजी पुन्हा शिजून त्याचा गोळा होतो.

नेमका येथेच वैद्यकाचा प्रवेश होतो. 'बॅसिलस सिरियस' नावाचा जिवाणू मातीत सर्वत्र आढळतो आणि त्याची बीजाणुरूपे तांदळाबरोबर घरात येतात. भात शिजवल्याने ती मरत नाहीत. शिजलेला भात ओट्यावर तसाच राहिला तर ती रुजतात, जिवाणू वाढतात आणि काही प्रकार भातातच 'सेरुलाइड' हे विष तयार करतात. 1970च्या दशकात ब्रिटनमध्ये चिनी उपाहारगृहांतील फ्राइड राइस खाल्ल्यावर उलट्या होण्याचे अनेक प्रसंग नोंदले गेले. तेथे भात मोठ्या प्रमाणावर उकडून, थंड कपाटात दाणे चिकटतात म्हणून, तासन्‌तास बाहेरच ठेवला जात असे.

'पण आपण तो पुन्हा चांगला परततो ना?' हा प्रश्न मला दवाखान्यात नेहमी विचारला जातो. परतल्याने जिवाणू मरतील, परंतु सेरुलाइड उष्णतेला दाद देत नाही. 121 अंशांवर दीड तास ठेवूनही ते टिकते. कढईतली पाच मिनिटे त्याचे काहीच बिघडवत नाहीत. वासावरून, चवीवरूनही ते ओळखता येत नाही. रात्री दहाचा भात सकाळी सातला परतून मुलाच्या डब्यात दिला, तर मेच्या उष्म्यात तो नऊ तास जिवाणूंना अत्यंत सोयीच्या तापमानात राहिलेला असतो.

लक्षणे अर्ध्या तासापासून सहा तासांत दिसतात. मळमळ व वारंवार उलट्या ही त्यांतली मुख्य. बहुतेक रुग्ण चोवीस तासांत बरे होतात. क्षारसंजीवनी घोटघोट देत राहावी. विष आधीच तयार झालेले असल्याने प्रतिजैविकांचा उपयोग नसतो. मात्र मूल सुस्त पडले, लघवी कमी झाली, उलट्या थांबेनात किंवा डोळे पिवळे दिसले तर घरी थांबू नये. क्वचित प्रसंगी हे विष यकृत निकामी करू शकते.

अन्न वाया घालवू नये हा आपल्या घरांतील संस्कार मला मोलाचा वाटतो. तो सोडण्याचे कारण नाही, फक्त वेळेचे भान हवे. भात उरणार हे दिसताच तो परातीत पातळ पसरावा, पंख्याखाली निववावा आणि तासाभरात झाकून फ्रिजमध्ये ठेवावा. खोल पातेल्यात ठेवल्यास मधला भाग फार काळ कोमट राहतो. दुसऱ्या दिवशी तो संपवावा, वाफा येईपर्यंत गरम करावा आणि एकदाच गरम करावा. रात्रभर बाहेर राहिलेला भात मात्र टाकून द्यावा.

आता कांद्याकडे वळू. कांदा, पातीचा कांदा, लसूण व लीक ही सारी 'अ‍ॅलियम' कुळातील. चिरताना पेशी फुटतात, त्यांतील विकर गंधकयुक्त घटकांशी भेटते आणि उग्र द्रव्ये तयार होतात. डोळ्यांत पाणी आणणाऱ्या द्रव्यासाठी कांद्यात वेगळे विकर असते, हे जपानी संशोधकांनी 2002 साली दाखवले. लसणीतील अ‍ॅलिसिनही असेच चिरल्यावर बनते. उष्णतेने विकर निष्क्रिय होते, म्हणून लसूण ठेचून पाच-दहा मिनिटे ठेवावी आणि मग तेलात घालावी.

कांदा-लसणीतील फ्रुक्टान नावाची शर्करा आतड्यात पचत नाही. संवेदनशील आतडे असलेल्यांना त्याने पोटफुगी होते. फ्रुक्टान पाण्यात विरघळते, तेलात नाही. तेव्हा अशा व्यक्तींनी लसूण तेलात परतून काढून टाकावी आणि कांद्याऐवजी पातीचा हिरवा भाग घ्यावा. स्वाद मिळतो, त्रास टळतो. मात्र असे लसणीचे तेल बाटलीत भरून बाहेर ठेवू नये. 1985 साली कॅनडात तेलातील लसणीमुळे बॉट्युलिझमची विषबाधा झाली होती.

कृती चौघांसाठी: दीड वाटी तांदूळ भरपूर पाण्यात शिजवून, निथळून, वरीलप्रमाणे गार करावा. लोखंडी कढईत तीन चमचे तेल चांगले तापवून दोन उभे चिरलेले कांदे मोठ्या आचेवर परतावेत. कडा तांबूस झाल्या की ठेचलेली लसूण घालावी. ती आधी घातल्यास करपून कडवट होते. मग गाजर, फरसबी, कोबी व ढोबळी मिरची घालून दोन-तीन मिनिटे परतावे. भात दोन भागांत घालावा, म्हणजे कढई थंड पडत नाही. शेवटी मिरपूड, सोया सॉस व पात घालून उतरवावे. कांदेनवमीनंतर चातुर्मासात कांदा-लसूण वर्ज्य असणाऱ्या घरी आले, हिंग व कोबी यांवरही भात उत्तम होतो.

रुग्णांसाठी दोन शब्द. मोठा चमचाभर सोया सॉसमध्ये सुमारे 900 मिलिग्रॅम सोडियम असते आणि दिवसाची मर्यादा 2000 आहे. रक्तदाब असल्यास चहाचा एक चमचा चौघांत पुरे व वरून मीठ नको. गार केलेल्या भातात न पचणारे पिष्ट थोडे वाढते हे खरे, पण मधुमेहींनी त्याला परवाना समजू नये. भाज्या भाताइतक्याच घ्याव्यात. रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या घेणाऱ्यांना जेवणातील लसूण चालते. लसणीच्या कॅप्सूल मात्र डॉक्टरांना सांगूनच घ्याव्यात आणि शस्त्रक्रियेआधी निदान आठवडाभर बंद ठेवाव्यात.

माझ्या समव्यवसायी मित्रांना एकच विनंती. उलट्यांनी बेजार मूल समोर आले की 'काय खाल्ले?' याबरोबर 'ते कधी शिजवले होते आणि कुठे ठेवले होते?' हेही विचारावे. बहुधा उत्तर त्यातच सापडते, आणि त्या घरात पुन्हा तसे घडत नाही.