उचल : आजोबांची, बापाची, मग पोराची

‘उचल’ हा शब्द आपल्या जिल्ह्यात कोणाला समजावून सांगावा लागत नाही. हंगामाआधी मुकादमाकडून मजुरीपोटी घेतलेले आगाऊ पैसे म्हणजे उचल. ऊसतोडीत नवरा-बायको मिळून एक कोयता मोजतात. त्या कोयत्यावर पैसे घ्यायचे, ते आजारपणात, लग्नात किंवा जुन्या देण्यात जायचे आणि मग फडात राबून फेडायचे. हंगाम संपला तरी बाकी राहते. ती पुढच्या उचलीत मिळवली जाते. बाप थकला की कोयता मुलाच्या हातात येतो, बाकी मात्र बापाचीच असते.

आमच्या अकोले तालुक्यात चित्र थोडे वेगळे, पण गाठ तीच. पश्चिमेच्या डोंगरपट्ट्यात महादेव कोळी आणि ठाकर समाजाची वस्ती. पाऊस मुसळधार, जमीन उताराची. भात काढला की बहुतेकांची शेती संपली. मग बिऱ्हाडे नारायणगाव, आळेफाट्याकडे मजुरीला उतरतात. दिवाळीनंतर वर्गात न दिसणारी मुले बहुधा तिकडेच असतात. परत येतात तेव्हा वयाने मोठी आणि धड्याने मागे. असे दोन-तीन हंगाम गेले की पोर स्वतःच शाळेचा नाद सोडते. मग आपण म्हणतो, या लोकांना शिक्षणाची आवडच नाही!

याच डोंगरात प्रवरेवर भंडारदऱ्याचे धरण १९२६ मध्ये पूर्ण झाले. पाणी खाली गेले, खालची जमीन हिरवी झाली, लोणीला सहकारी साखर कारखाना उभा राहिला. त्या प्रगतीला कोणी नावे ठेवणार नाही. पण धरणाच्या वरच्या अंगाला राहणाऱ्यांना कोरड्या महिन्यांत बॅकवॉटर नुसते डोळ्यांनी दिसते. गरिबी आळसातून येते असे मानणाऱ्याने एकदा एप्रिलमध्ये त्या वाड्यांवर जाऊन यावे.

आणि हे आजचे नाही. याच तालुक्यातील देवगावचे राघोजी भांगरे सावकारांविरुद्ध आणि इंग्रजांविरुद्ध उठले ते कर्जापायी जमिनी जात होत्या म्हणून. २ मे १८४८ रोजी त्यांना ठाण्याच्या तुरुंगात फाशी झाली. १८७५ मध्ये सुपे गावापासून पेटलेला दंगा पुणे आणि नगर जिल्ह्यांत पसरला. त्यात शेतकऱ्यांनी सावकारांची खतपत्रेच शोधून जाळली. पुढे १८७९ चा कायदा आला. सावकार गेला म्हणावे, तर उचल देणारा उभा.

श्रीमंत देशांच्या आर्थिक सहकार्य संघटनेने २०१८ मध्ये एक हिशेब मांडला होता. अत्यल्प उत्पन्नाच्या घराला देशाच्या सरासरी उत्पन्नापर्यंत पोचायला डेन्मार्कमध्ये दोन पिढ्या लागतात, भारतात सात, कोलंबियात अकरा. राघोजींच्या फाशीपासून आजवर साधारण सातच पिढ्या झाल्या असतील.

आपल्या समाजाचे कोष्टकही याहून फार निराळे नाही. सच्चर समितीने २००६ मध्ये नोंदवले की ६ ते १४ वयाची २५ टक्के मुस्लिम मुले एकतर शाळेत गेलीच नव्हती किंवा शाळा सोडून बसली होती. आपल्याकडे मुलगा गॅरेजमध्ये लागतो, बेकरीत लागतो. ‘हात बसतोय’ म्हणून घरात कौतुकही होते. पण तेराव्या वर्षी मिळालेली मजुरी तेविसाव्या वर्षीही फारशी वाढत नाही, आणि त्याच्या लग्नासाठी पुन्हा शेठकडूनच पैसे उचलले जातात.

या साखळीचे सर्वांत भेसूर टोक २०२२ मध्ये दिसले. इगतपुरी तालुक्यातील उभाडे येथील कातकरी मुले एखादी मेंढी आणि थोड्याशा रकमेच्या बदल्यात मेंढ्या राखायला दिल्याचे उघड झाले, तेही एका दहा वर्षांच्या मुलीच्या मृत्यूनंतर. मुले राबत होती ती आपल्या नगर जिल्ह्यात. वेठबिगारी बंद करणारा कायदा १९७६ चा आहे.

मग साखळी तुटते कशी? पश्चिम बंगालच्या मुर्शिदाबाद जिल्ह्यात, जिथे बहुसंख्य वस्ती मुसलमानांची आहे, एक प्रयोग झाला. अगदी तळातल्या कुटुंबांना कर्ज न देता शेळ्या किंवा गाय दिली, काही महिने खाण्यापुरते पैसे दिले, आणि दीड वर्ष कोणीतरी नियमाने घरी जाऊन विचारपूस करत राहिले. अभिजित बॅनर्जी, एस्थर डुफ्लो आणि सहकाऱ्यांनी त्याचा अभ्यास केला. दहा वर्षांनंतरही त्या घरांची कमाई आणि खाणेपिणे इतरांपेक्षा बरे होते. मला यातले शेळीपेक्षा ते दीड वर्षाचे जाणे-येणे महत्त्वाचे वाटते.

इथे जकातीचा विषय निघतोच. सूरह तौबाच्या ६० व्या आयतीत जकातीचे जे आठ हक्कदार सांगितले आहेत त्यांत कर्जात बुडालेले आहेत आणि ज्यांची मान सोडवायची तेही आहेत. आपण मात्र बहुतेक रक्कम रमजानमध्ये राशनच्या पिशव्यांत संपवतो. पिशवी जरूर द्यावी. भुकेला थांबवून ठेवता येत नाही. पण शव्वालमध्ये ते घर पुन्हा होते तिथेच असते. मोहल्ल्यातील चार घरांनी मिळून एका कुटुंबाचे देणे फेडले, आणि हंगामात आईबाप बाहेर असताना मुलाला गावातच नातेवाइकाकडे किंवा हंगामी वसतिगृहात ठेवण्याचा खर्च उचलला, तर ते एका माणसाच्या आवाक्यापलीकडचे काम राहत नाही. फक्त वेळ सांभाळावी लागते. ऊसतोडीची उचल दसऱ्याच्या आधीच हातात पडते, म्हणून त्या घरी त्यापूर्वीच जायला हवे. आणि नंतरही, वरचेवर.