निर्वचन, आकारिक सिद्धांतांचे
(गणितीय तर्कशास्त्र). एका आकारिक सिद्धांताच्या भाषेतील विधानांचे दुसऱ्या सिद्धांताच्या भाषेत असे रूपांतर करणे, की पहिल्यातील प्रत्येक प्रमेयाचे रूपांतर दुसऱ्यात सिद्ध करता येते, यास निर्वचन म्हणतात. त्यासाठी पहिल्या सिद्धांतातील वस्तूंचे क्षेत्र दुसऱ्यातील एका सूत्राने ठरवितात, प्रत्येक मूळ संबंधाच्या जागी एक सूत्र योजतात आणि ‘सर्व’ व ‘काही’ हे संख्यापक त्या क्षेत्रापुरते मर्यादित करतात. ‘नाही’, ‘आणि’ इ. तार्किक पदे तशीच राहतात.

पूर्णांकांच्या सिद्धांतात केवळ बेरीज व गुणाकार असल्यास ऋणेतर संख्या वेगळ्या कशा काढावयाच्या, हा प्रश्न येतो. प्रत्येक नैसर्गिक संख्या चार वर्गांची बेरीज असते, असे लाग्रांझ यांनी १७७० मध्ये सिद्ध केले होते. तेव्हा ‘चार वर्गांची बेरीज असणे’ हेच सूत्र हवे ते क्षेत्र देते.

निर्वचनाचे मोठे फळ म्हणजे सापेक्ष सुसंगतता. बेल्त्रामी (१८६८) व क्लाइन (१८७१) यांनी अयुक्लिडीय भूमितीचे युक्लिडीय भूमितीत निर्वचन केले. क्लाइन यांच्या मांडणीत वर्तुळाच्या आतील बिंदू हे ‘बिंदू’ व जीवा या ‘रेषा’ होत. जीवेबाहेरील बिंदूतून तिला न छेदणाऱ्या अनेक जीवा काढता येतात, म्हणून समांतर गृहीतक येथे टिकत नाही. या भूमितीत विसंगती निघालीच, तर तिचे रूपांतर युक्लिडीय भूमितीतही विसंगती ठरेल. समांतर गृहीतक इतर गृहीतकांवरून सिद्ध करण्याचे शतकानुशतकांचे प्रयत्न व्यर्थ का गेले, ते यावरून उलगडते.

आकेरमान यांनी १९३७ मध्ये सांत संचांच्या सिद्धांताचे अंकगणितात निर्वचन केले. प्रत्येक संख्या हा संच मानावयाचा व तिच्या द्विमान लेखनात १ हा अंक ज्या स्थानांवर येतो ती स्थाने (उजवीकडून, शून्यापासून मोजून) त्याचे घटक समजावयाचे. १३ म्हणजे ११०१; म्हणून तिचे घटक ०, २ व ३. मात्र घात ही क्रिया अंकगणिताच्या मूळ भाषेत नसल्याने ती बेरीज व गुणाकार यांवरून प्रथम व्याख्यित करावी लागते आणि खरे श्रम तेथेच पडतात.

अनंत संच मान्य करणाऱ्या संच सिद्धांताचे पेआनो अंकगणितात असे निर्वचन, संच सिद्धांत सुसंगत असल्यास, शक्य नाही. संच सिद्धांतात अंकगणिताची सुसंगतता सिद्ध होते. निर्वचन मिळाल्यास त्यावरून संच सिद्धांत स्वतःचीच सुसंगतता सिद्ध करील आणि गोडेल यांच्या दुसऱ्या अपूर्णता प्रमेयाने (१९३१) ते वर्ज्य ठरते.

तार्स्की, मोस्टोव्हस्की व रॉबिन्सन यांच्या १९५३ च्या ग्रंथात निर्वचनाच्या साहाय्याने अनेक सिद्धांतांची अनिर्णेयता दाखविली आहे. आकेरमान यांच्या निर्वचनाचा व्यस्त मार्ग मात्र दिसतो तितका सरळ नाही. प्रत्येक संच एखाद्या संक्रामक संचात अंतर्भूत असतो, हे गृहीतक जोडल्यावरच दोन्ही निर्वचने परस्परव्यस्त होतात, असे के व वाँग यांनी २००७ मध्ये स्पष्ट केले.