भूमिदान, नोंद आणि हक्क : वऱ्हाडातील ई-वर्ग जमिनीच्या निमित्ताने

पातूरच्या डोंगरातील कोरीव लेणी पाहावयास जाणाऱ्या धम्मबांधवांचे लक्ष स्वाभाविकपणे शिल्पाकडे जाते. परंतु कोणताही विहार केवळ दगडावर उभा राहत नाही. ज्या भूमीवर तो उभा असतो आणि ज्या भूमीच्या उत्पन्नावर चालतो, तिचा हक्क कोणाचा, हा प्रश्न प्राचीन काळीही होता व आजही आहे. सरकारी जमिनीवरून होणाऱ्या वादांचे स्वरूप प्रस्तुत लेखात आम्ही थोडक्यात मांडीत आहोत.

चुल्लवग्गातील जेतवनाची कथा मुळात एक भूमिवादच आहे. जेत राजकुमाराने उद्यानाची किंमत उच्चारली. तेवढ्याने व्यवहार ठरला की नाही, यावर तंटा झाला. न्यायाधिकाऱ्यांनी निर्णय अनाथपिंडिकाच्या बाजूने दिला.

नाशिकच्या लेणे क्रमांक 3 मधील शिलालेख याहून बोधप्रद आहेत. गौतमीपुत्र सातकर्णीने राजवर्ष 18 मध्ये अमात्य विष्णुपालितास आज्ञा करून, पूर्वी उषवदाताकडे असलेले पश्चिम काखडी गावचे 200 निवर्तने शेत तेथील भिक्षूंना दिले. राजाधिकाऱ्यांनी त्या शेतात प्रवेश करू नये, मिठासाठी ते खणू नये, अशा सवलती देऊन त्या नोंदविण्याचाही आदेश दिला. परंतु राजवर्ष 24 चा लेख सांगतो की, ते शेत कसले जात नाही व गावही वसलेले नाही. म्हणून नगरसीमेवरील राजकीय शेतापैकी 100 निवर्तने बदली देण्यात आली. दानाची आज्ञा, तिची नोंद आणि प्रत्यक्ष वहिवाट या तीन भिन्न गोष्टी आहेत, हे येथे स्पष्ट दिसते.

आजचे वादही या तीन गोष्टींमधील अंतरातूनच उद्भवतात. वऱ्हाडात गायरानास ई-वर्ग जमीन म्हणतात. भूमिहीनांना पडीक जमीन मिळावी म्हणून कर्मवीर दादासाहेब गायकवाड यांच्या नेतृत्वाखाली 1959 व 1964-65 मध्ये मोठे सत्याग्रह झाले. पुढे शासनाने 28 नोव्हेंबर 1991 च्या निर्णयाने 1 एप्रिल 1978 ते 14 एप्रिल 1990 या काळातील शेतीसाठीची पात्र अतिक्रमणे नियमित करण्याचे ठरविले. मात्र त्यासाठी त्या काळातील वहिवाट सिद्ध करावी लागते. अतिक्रमण नोंदवही, दंडाच्या पावत्या व पेरेपत्रक हे तिचे आधार होत. ज्यांनी पिढ्यान्‌पिढ्या जमीन कसली पण कागद जपला नाही, त्यांचा दावा दुबळा ठरतो.

सर्वोच्च न्यायालयाने 28 जानेवारी 2011 रोजी जगपाल सिंग प्रकरणात गावाच्या सामाईक जमिनींवरील बेकायदा कब्जे हटविण्याचा आदेश दिला. तथापि, शासकीय अधिसूचनेनुसार भूमिहीन मजूर वा अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना दिलेले पट्टे, तसेच जेथे शाळा, दवाखाना अथवा अन्य सार्वजनिक सोय आधीच आहे अशा जागा, यांबाबत अपवादास वाव ठेवला. हा भाग आपल्या बांधवांनी अवश्य ध्यानात घ्यावा.

जमीन मंजूर झाल्यावरही हक्क सर्वस्वी मोकळा होत नाही. अशी जमीन सामान्यतः भोगवटादार वर्ग 2 म्हणून दिली जाते. जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीशिवाय ती विकता येत नाही, आणि शर्तभंग झाल्यास सरकारजमा होऊ शकते. सातबारावरील नोंद खरी मानली जाते, परंतु ती केवळ विरुद्ध पुरावा येईपर्यंत. नोंद म्हणजे मालकी नव्हे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 20 खाली जिल्हाधिकाऱ्यांनी सरकारच्या हक्कासंबंधी निर्णय दिल्यास, त्याविरुद्धचा दिवाणी दावा एका वर्षाच्या आत करावा लागतो. ही मुदत टळली की खरा हक्कही हातचा जातो.

विहारांसाठी हेच विशेष महत्त्वाचे आहे. जागा एखाद्या पुढाऱ्याच्या नावे न ठेवता नोंदणीकृत विश्वस्त संस्थेच्या नावे असावी. मोजणी, मंजुरीचा आदेश व फेरफार यांच्या प्रती संस्थेच्या दप्तरी असाव्यात. प्राचीन संघाने दानलेख दगडात कोरून घेतला. आपणास निदान कागद तरी जपता आला पाहिजे.