उंबरठ्यावरून परत जाणारे दावे

देवदत्त माझ्या घराशेजारीं गोड स्वरांत अध्ययन करतो, अशी फिर्याद घेऊन कोणी न्यायसभेंत आला तर काय करावें? विज्ञानेश्वरानें मिताक्षरेंत उत्तर देऊन ठेवलें आहे कीं, असला वाद मुळीं घेऊंच नये. अमक्यानें माझें सशाचें शिंग नेलें व तो तें परत देत नाहीं; माझ्या दिव्याच्या उजेडांत शेजारी आपलीं कामें उरकतो; मुक्यानें मला शाप दिला; हीं सारीं त्याच मासल्याचीं उदाहरणें. यांस धर्मशास्त्रांत ‘पक्षाभास’ असें नांव आहे. दिसण्यांत फिर्याद, पण न्यायालयानें हात घालावा असें आंत कांहीं नाहीं.

कल्याणीच्या चालुक्यांच्या काळचा हा विचार आजच्या कायद्यांतही आहे. १९०८ च्या दिवाणी व्यवहार संहितेंतील सातव्या आदेशाचा अकरावा नियम तो हाच. आमच्या कोथरुडांत जुने बंगले पाडून तेथें इमारती उठूं लागल्यापासून या नियमाची चौकशी घरोघर होऊं लागली आहे. बंगला होता तोंवर भावांना तो वडिलांचा वाटे. सदनिकांचे आंकडे कागदावर आले कीं तो वाटणीचा वाटूं लागतो. मग शिवाजीनगरच्या न्यायालयाचें समन्स येतें, आणि घरांतील कर्ता वकिलांस पहिला प्रश्न विचारतो, “हा दावा पहिल्याच तारखेस उडवून लावतां येणार नाहीं का?”

नियमांत कारणें मोजकीं दिलीं आहेत. वादपत्रांत दाव्याचें कारणच दिसत नसेल, दाव्याची किंमत कमी धरली असून सांगितल्यावरही सुधारली नसेल, कोर्ट फी अपुरी असेल, वादपत्रांतील मजकुरावरूनच दावा कायद्यानें बंद झालेला दिसत असेल, अथवा आवश्यक प्रती दिल्या नसतील, तर न्यायालय वादपत्र नाकारतें. पैशांच्या व प्रतींच्या अडचणी सहसा मुदत मिळून भागतात. शिवाय महाराष्ट्र शासनानें १९९४ सालीं मालमत्तेच्या वादांत स्त्रियांस कोर्ट फी माफ केली. तेव्हां बहिणीचा दावा फीवर अडेल, या भरंवशावर भावांनीं बसूं नये.

खरा वाद असतो तो पहिल्या व चौथ्या कारणाचा. तेथें न्यायाधीश वादीचें वादपत्र आणि त्यासोबतचे कागद एवढेंच वाचतो. प्रतिवादीची कैफियत कितीही सत्य असो, या पायरीवर ती मिटलेलीच राहते. “वडिलांचें नोंदलेलें मृत्युपत्र माझ्या कपाटांत आहे,” हें सांगणें पुढें पुराव्याच्या वेळीं मोलाचें ठरेल. येथें त्याचा उपयोग नाहीं. पुष्कळ सुशिक्षित मंडळींस हें पटत नाहीं, पण मला तें न्यायाचेंच वाटतें. एकाची साक्ष घेण्यापूर्वींच दुसऱ्याचा कागद खरा मानावयाचा, तर तारीख तरी कशाला नेमावी?

बेळगांवच्या एका खटल्यांत हें फार स्पष्ट झालें. कर्जापोटीं गहाण पडलेली एका कुटुंबाची मिळकत राज्याच्या वित्त महामंडळानें लिलावांत विकली. खरेदीदारानें ताब्याचा दावा लावून जिंकला. घरच्या दुसऱ्या वारसानें वाटणीचा दावा आणला होता. त्यावर खरेदीदार म्हणाला, हा प्रश्न पूर्वींच निकालांत निघाला आहे, सबब वादपत्र नाकारावें. ९ ऑगस्ट २०२१ रोजीं सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायमूर्ति धनंजय चंद्रचूड व एम. आर. शहा यांनीं ही मागणी अमान्य केली. पूर्वींचा दावा, त्यांतील मुद्दे व निकाल ताडून पाहिल्यावांचून ही हरकत ठरत नाहीं. तो मुद्दा हवा तर प्राथमिक मुद्दा म्हणून खालच्या न्यायालयांत काढावा. आमच्या शास्त्रकारांनींही या हरकतीस ‘प्राङ्‌न्याय’ म्हणून तिची गणना ‘उत्तरा’च्या चार प्रकारांत केली आहे, फिर्यादीच्या दोषांत नव्हे, आणि ती सिद्ध करण्याचा भार प्रतिवादीवर टाकला आहे.

याच्या उलट सुरतेचा खटला. २००९ सालीं जमिनीचें खरेदीखत नोंदून दिलें. किंमत सुमारें पावणेदोन कोटी. तींतील बहुतेक रक्कम मिळालीच नाहीं म्हणून २०१४ च्या अखेरीस दावा. मुदत तीन वर्षांची. वादपत्र व त्यास जोडलेलें खरेदीखत वाचूनच मुदत संपल्याचें उघड झालें, आणि २०२० सालीं सर्वोच्च न्यायालयानें तें वादपत्र नाकारणें कायम केलें. चतुर लेखणीनें कारणाचा नुसता भास उभा केला असेल तर तो आरंभींच खुडावा, असें न्यायमूर्ति कृष्ण अय्यर यांनीं १९७७ मध्येंच सांगितलें होतें.

महाराष्ट्रांत ‘९-अ’ नांवाचें एक खास कलमही होतें. तात्पुरत्या हुकुमाच्या अर्जाचे वेळीं अधिकारक्षेत्राची हरकत निघाली कीं ती आधीं ठरवावी लागे. दावे त्या एकाच मुद्द्यावर वर्षेंच्या वर्षें पडून राहात. २०१८ सालीं तें कलम रद्द झालें.

वादपत्र नाकारल्याचा हुकूम हुकूमनाम्यासारखा मानला जातो व त्यावर अपील चालतें. तेराव्या नियमाप्रमाणें वादीस त्याच कारणावर नवें, दुरुस्त वादपत्रही आणतां येतें. मात्र तोंपर्यंत मुदत शिल्लक असावी लागते.